दुसऱ्या अंकातली धाकटी

१

काकांचं काम आवाज बंद करून सुरू व्हायचं. सकाळचा चहा झाला की ते खोलीचे पडदे ओढायचे, एखादा जुना सिनेमा लावायचे आणि आवाज पार शून्यावर आणायचे. "संवाद दुसऱ्याच कुणीतरी लिहिलेले असतात," ते म्हणायचे. "पाठ तेवढी तिची स्वतःची. पाठ बघ." मग आम्ही काका-पुतणी दुपारपर्यंत कधीच वारलेल्या एखाद्या नटीची पाठ बघत बसायचो.

याच रीतीवर काकांची अख्खी कारकीर्द उभी होती. जुन्या जमान्यातल्या नट-नट्यांवर त्यांनी नाटकं लिहिली, पटकथा लिहिल्या. रंगमंचावर त्यांची नटी नुसती खुर्चीवरून उठली, तरी म्हातारे प्रेक्षक रुमाल शोधायचे. निर्माते तोंडावर म्हणायचे, "तुमच्याकडे मेलेली माणसं रांग लावून उभी असतात." काका हसायचे नाहीत.

मी नाट्यशास्त्राची पदवी घेऊन त्यांच्या हाताखाली आले होते, आणि मला घाई होती. काकांची नाटकं मला फार सभ्य वाटायची. ज्या स्टुडिओंनी पोरीबाळींना राबवून राबवून पिळून काढलं, त्यांच्यावर काका साधा आवाजही चढवत नसत.

"काका, तुम्ही आरतीचं तबक घेऊन लिहिता. एकदा तरी हातात दगड घ्या."

"कॉलेजात बरंच शिकलीस," ते म्हणाले. "आता थोडं विसरायला शीक."

त्यांचा नियम एकच होता. मेलेल्या माणसाबद्दल हवं ते रचावं. जिवंत माणसाबद्दल एक अक्षरही खोटं लिहू नये.

"खटल्याला घाबरता?" मी विचारलं होतं.

"घाबरतो," ते म्हणाले, आणि उठून आत गेले.

नवीन नाटक मोठ्या बाईंवर होतं. स्टुडिओतले सगळे त्यांना याच नावाने हाक मारत. कीर्तीच्या शिखरावर असताना त्यांनी एक सिनेमा पुरा केला आणि पुन्हा कधी कॅमेऱ्यासमोर पाय ठेवला नाही. त्या जाऊनही आता बरीच वर्षं झाली होती. त्यांनी काम का सोडलं, त्यावर आमचा सगळा दुसरा अंक उभा राहायचा होता.

नेमकी तेव्हाच काकांच्या डोळ्यांची ऑपरेशनं निघाली. वाचन बंद, पडदा बंद. "दुसरा अंक तू कर," ते म्हणाले. "पण मला वाचून दाखवल्याशिवाय कुणाच्या तोंडात देऊ नकोस." आणि त्यांनी मला एक पत्ता दिला. मोठ्या बाईंच्या धाकट्या बहिणीचा.

धाकट्या बाई भावाच्या घरी राहत होत्या. भाऊ आता हयात नव्हता, पण त्याच्या सुनेने घर आणि म्हातारी दोन्ही नीट सांभाळली होती. खिडकीपाशी खुर्ची, भिंतीवर मोठा आवाज करणारं घड्याळ, आणि खुर्चीत शाल गुंडाळून बसलेल्या, जिभेला हाड नसलेल्या धाकट्या बाई.

"आजी, मोठ्या बाईंनी सिनेमा का सोडला?"

"दमली होती गं."

"बस?"

"बस काय? तू एकच जिना सकाळपासून संध्याकाळपर्यंत उतरून बघ. प्रत्येक वेळी नव्याने हसत. मी तेव्हा एवढीशी होते, कोपऱ्यात बसून बघायचे. एक दिवस ती घरी आली, चपला काढल्या आणि म्हणाली, पुरे. झालं."

मी हिरमुसले असेन. त्या माझ्याकडे बघून फिसकन हसल्या. "तुला काहीतरी मसालेदार हवं होतं, होय ना? मला पण घाल नाटकात. काहीही कर माझं, फक्त लठ्ठ दाखवू नकोस. मी तेव्हा काडी होते, काडी!"

मीही हसले.

२

दमली म्हणून सोडलं. यावर कुणाचं काळीज हलणार होतं? प्रेक्षक जांभई देऊन चहाला जातील. मला मोठ्या बाईंच्या सिनेमातल्या त्या जिन्याच्या गाण्याचा राग आला होता, तो जिना बांधणाऱ्यांचा, आणि त्यावर भुललेल्या प्रेक्षकांचाही. त्या सगळ्यांच्या पदरात पाप घालायचं, तर एक बळी हवा होता.

मी एका बैठकीत लिहून काढलं. तो गाजलेला जिना. मोठ्या बाई गात खाली उतरताहेत. त्यांच्याच तोंडी हे:

"मी जिना उतरत होते. वरून धाकटीने मला हाक मारली. तिचा पाय घसरला. ती माझ्या शेजारून खाली गेली. ती फरशीवर पोचली, तेव्हा कॅमेरा चालूच होता."

इतकं चांगलं मी याआधी कधी लिहिलं नव्हतं. काकांचा नियम आठवला, नाही असं नाही. पण मोठं सत्य सांगायला एक लहानसं खोटं लागत असेल तर बोलायचं, असं मी स्वतःला बजावलं. शिवाय धाकट्या बाई थोड्याच नाटकाला येणार होत्या? त्यांचे गुडघे त्यांना फाटकापर्यंतही जाऊ देत नव्हते.

काकांना वाचून दाखवायला मी थांबले नाही. जाहिराती सुटल्या होत्या.

तालमीच्या हॉलमध्ये आमच्या नायिकेने, म्हणजे ताईंनी, तो उतारा पहिल्यांदा वाचला. ताई मुरलेल्या नटी. वाचताना उगाच रडणाऱ्यांतल्या नव्हेत. त्या शेवटच्या वाक्यापाशी आल्या आणि त्यांचा आवाज एकदम खाली, अगदी सरळ झाला. प्रकाशयोजनाकार, एरवी प्रत्येक गोष्टीला नाकं मुरडणारा माणूस, चष्मा काढून पुसत बसला.

"पोरी," ताई म्हणाल्या, "काकांच्या वरताण झालीस गं."

मी त्या दिवशी हवेत चालत घरी गेले.

३

दुसऱ्या दिवशी ताईंना चाल दाखवायची म्हणून मी जिन्याच्या गाण्याचा तुकडा लावला. आवाज बंद. हा तुकडा मी इतक्या वेळा बघितला होता, की डोळे मिटूनही मला तो दिसायचा. पांढरा जिना, वर महिरप, महिरपीत काळोख, आणि त्यातून येणाऱ्या मोठ्या बाई.

महिरपीत एक मुलगी उभी होती.

फिका, झालरीचा फ्रॉक. काडीसारखे पाय. एक हात कठड्यावर, दुसरा पुढे केलेला, तोंड हाक मारायला उघडलेलं.

मी तुकडा मागे नेला. पुन्हा लावला. होतीच.

"ही कोण?" मी विचारलं.

ताईंनी माझ्याकडे चमत्कारिक नजरेने बघितलं. "कोण म्हणजे? धाकटी. बिचारी. याच शॉटनंतर गेली ना. पुढचा तुकडा त्यांनी कापला, पण एवढा राहिलाच."

"ताई, चेष्टा पुरे. ते मी लिहिलंय."

"तू लिहिलंस छानच. पण गोष्ट सगळ्या जगाला माहीत आहे, राणी. आम्ही लहानपणापासून ऐकत आलोय."

प्रकाशयोजनाकारानेही मान डोलावली. त्याच्या वडिलांनी म्हणे तेव्हाची बातमी वाचली होती.

सगळ्यांनी मिळून माझी टोपी उडवायचं ठरवलंय, अशी मी मनाची समजूत घातली. नाटकवाले काहीही करतात. पण सिनेमात मुलगी कशी घालणार? मी बाहेरच्या व्हरांड्यात जाऊन धाकट्या बाईंच्या घरी फोन केला. सूनबाईंनी उचलला.

"आजींना देता का?"

"कोणत्या आजी?"

"तुमच्या आत्याबाई. धाकट्या."

"अहो, त्या तर लहानपणीच गेल्या," सूनबाई म्हणाल्या. "तुम्हीच ना त्यांच्यावर लिहिताय?"

"मी आले होते तुमच्याकडे. त्यांच्याशी बोलायला. तुम्ही चहा दिलात."

"दिला की. खिडकीतल्या रिकाम्या खुर्चीसमोर बराच वेळ बसला होतात. मधेच हसलात सुद्धा. मी ह्यांना म्हटलं, लेखक मंडळी, त्यांचं असंच चालायचं."

मुलाखत मी मोबाइलवर ध्वनिमुद्रित केली होती. व्हरांड्यातच उभी राहून ती कानाला लावली. माझा आवाज आला: "आजी, मोठ्या बाईंनी सिनेमा का सोडला?" मग भिंतीवरचं घड्याळ. मग माझा आवाज: "बस?" पुन्हा घड्याळ, बराच वेळ. आणि मग माझं हसणं, एकटीचं, जीव तोडून कुणालातरी साथ दिल्यासारखं.

४

काका काळा चष्मा लावून आरामखुर्चीत पडले होते. मी सगळं सांगितलं, तोंडाला येईल त्या क्रमाने. त्यांनी मधे एकदाही अडवलं नाही. शेवटी एवढंच विचारलं:

"कुणाच्या तोंडात दिलंस?"

"ताईंच्या."

त्यांचा हात खुर्चीच्या दांड्यावर घट्ट झाला.

"काका, तुम्हाला तरी धाकट्या बाई आठवतात ना? तुम्हीच पत्ता दिलात!"

"दिला असेन. मला त्या लहानपणी वारल्याचं आठवतंय." ते अगदी हळू बोलत होते. "पण तुला आठवतात, म्हणजे त्या होत्या. ज्याने लिहिलं त्यालाच आठवतं."

"हे काय बोलताय तुम्ही?"

"तुझी काकू आठवते का तुला?"

मला त्यांची कीव आली. औषधांनी डोकं फिरलं असेल. "काका, तुमचं लग्न कुठे झालंय?"

"हं," ते म्हणाले. "तिच्या मांडीवर वाढलीस तू. तुला पहिला घास तिने भरवलाय." चष्म्याखालून पाणी आलं, त्यांनी ते पुसलं नाही. "रंगभूषा करायची ती. एका मोठ्या नटाचा चेहरा शेवटपर्यंत तीच रंगवायची. त्याच्यावर मी पहिलं नाटक लिहिलं. त्याचं एकटेपण दाखवायचं होतं. म्हणून त्याच्या तोंडी घातलं, की मला रंगवायला कधी कुणी नव्हतंच. कुठली बाई नव्हती. पहिल्या वाचनानंतर घरी आलो, तर दाराला कुलूप होतं."

या घरात मी लहानपणापासून येत-जात होते. स्वयंपाकघरात एकच ताट, एकच पाट, दोरीवर पुरुषाचेच कपडे, एवढंच मला माहीत होतं.

"मग परत लिहायचं होतं ना! ती आली, असं लिहायचं!"

"धीर झाला नाही. मी लिहिणार, एक बाई आली. येईल ती तीच असेल कशावरून?"

"मी खोडते. आजच खोडते."

"ऐक." ते चाचपडत माझा हात शोधत होते. "खोडल्यावर जे उरतं, तेवढंच उरतं. घाई करू नकोस. माझे डोळे उघडू देत. दोघं बसून एकेक शब्द बघू."

पण एक हसतीबोलती म्हातारी जगातून नाहीशी झाली होती, आणि ते मला थांबायला सांगत होते! त्यांचं सगळं आयुष्य थांबण्यातच गेलं, असं माझ्या मनात आलं. मी हात सोडवून घेतला आणि निघाले.

५

रिक्षात बसल्या बसल्याच मी पेनाने शेवटची दोन वाक्यं मारली. तिचं खाली जाणं गेलं, फरशी गेली, कॅमेरा गेला. मरणच काढून टाकल्यावर माणूस मरतं कसं? बाकीचा प्रसंग मी ठेवला. त्याशिवाय अंक उभा राहत नव्हता.

ताईंनी कुरकुरत नवा उतारा म्हटला. "वरून धाकटीने मला हाक मारली. तिचा पाय घसरला." आणि त्या थांबल्या. पुढे काहीच नव्हतं. त्यांनी ती शांतता अशी काही पेलली, की आम्हा सगळ्यांचा श्वास अडकला.

"हे तर आणखी भारी आहे," त्या म्हणाल्या. आणि खरं सांगते, मलाही तेच वाटलं.

मी लगेच फोन लावला.

"आत्याबाई आहेत का?"

"आहेत की," सूनबाई म्हणाल्या. "कुठे जाणार त्या?"

मी व्हरांड्यातच मटकन बसले. आधी रडले, मग उठून त्यांच्यासाठी मऊ बिस्किटं घेतली आणि घर गाठलं. टळटळीत दुपार होती. सूनबाईंनी दार उघडलं, बिस्किटं बघितली, आणि ती कुठे ठेवावीत हे न कळल्यासारख्या माझ्याकडे बघत राहिल्या.

खिडकीतली खुर्ची दिसत नव्हती. बैठकीत फक्त घड्याळ चालू होतं.

"झोपल्यात का?"

"नाही. वर आहेत. जिन्यात." त्यांनी आवाज खाली आणला, आजारी माणसाच्या खोलीबाहेर आणतात तसा. "तुम्ही बघून या. फक्त भिंतीकडून जा हं. धक्का लागायला नको. आम्हाला सवय झालीय, वरचा मजला आम्ही वापरतच नाही."

"त्या... बोलतात?"

"तोंड उघडलंय," सूनबाई म्हणाल्या. "आवाज अजून आलेला नाही."

मी जिन्याच्या तोंडाशी गेले. अरुंद, साधा लाकडी जिना, वळणावर छोटी खिडकी. खिडकीतून ऊन येत होतं आणि उन्हात धुळीचे कण हळूहळू तरंगत होते. बाकी काही हलत नव्हतं.

आधी पाय दिसले. म्हातारे, सुजलेले घोटे. एका पावलाची टाच पायरीच्या कडेला जेमतेम टेकलेली. दुसरं पाऊल कशालाच टेकलेलं नव्हतं. त्याच्या वर फिक्या रंगाची झालर, वाऱ्याने उडावी तशी मागे उडालेली, आणि तशीच राहिलेली. तिच्या वर पुढे केलेला एक हात, बोटं फाकलेली. आणि पांढरे केस, सगळे वरच्या दिशेला.

चेहऱ्यापर्यंत मी गेले नाही. मला जमलं नाही. पण त्या हाताची करंगळी थरथरत होती. त्या जिवंत होत्या. इतकी वर्षं पडत होत्या, आणि त्यांना ते कळत होतं.

बिस्किटं माझ्या हातातून सांडली. मागून सूनबाई म्हणाल्या, "असू द्या, मी झाडून घेते."

६

काकांना मी रस्त्यावरूनच फोन केला. बोलता येत नव्हतं. त्यांना मात्र पहिल्या हुंदक्यातच कळलं.

"तिला तशी ठेवू नकोस," ते म्हणाले. "वाक्य पूर्ण कर. आता तेवढंच हातात आहे. आणि साधं लिही, बाळ. तार करतो तसं. एकही जास्तीचा शब्द नको. ऐकतेस ना?"

"मी तिकडे येऊ का? तुम्ही सांगा, मी लिहिते."

"ये," ते म्हणाले. पण काकांचं घर शहराच्या दुसऱ्या टोकाला होतं आणि तालमीचा हॉल पलीकडच्या गल्लीत. मला ती करंगळी डोळ्यांसमोरून हलत नव्हती. मी हॉलकडे धावले.

ताई मेकअपच्या खोलीत पाठ करत होत्या. मी आरशासमोरच्या फळीवर कागद ठेवून लिहिलं. पडू द्यायचं नव्हतं, लागू द्यायचं नव्हतं. तिथे एकच माणूस जवळ होतं, तिची बहीण. दुसरं लिहिणार तरी काय होते? मी लिहिलं, "मी तिचा हात धरला." एवढ्यावर थांबायला हवं होतं. पण वाक्य कोरडं वाटलं. इतकं सोसलेल्या म्हातारीला मला काहीतरी द्यायचं होतं. मी पुढे लिहिलं, "आणि तो मी कधीच सोडला नाही."

"आत्ताच म्हणा," मी ताईंना म्हटलं. "मोठ्याने."

माझा अवतार बघून त्यांनी वाद घातला नाही. आरशात बघत, सरळ आवाजात त्या सगळं म्हणाल्या. हाक, घसरलेला पाय, हात. शेवटच्या वाक्याला त्यांच्या अंगावर काटा आला. मला दिसला तो, दंडावर.

संध्याकाळ व्हायच्या आत सूनबाईंचा फोन आला. त्या रडत होत्या की हसत होत्या, कळेना.

"आत्याबाई खाली आल्या! अहो, स्वतःच्या पायांनी आल्या! खुर्चीत बसल्यात. चहा मागितला!"

"लागलं नाही ना कुठे?"

"काही नाही. शाल पांघरली मी त्यांना. बोलल्यासुद्धा!"

ताईंनी मला पाणी दिलं. मी त्यांच्याकडे बघून हसले असेन, कारण त्याही हसल्या.

"एक विचारू का?" सूनबाई म्हणाल्या, आणि त्यांचा आवाज पुन्हा तसा खाली गेला. "तुम्ही लिहिताय, म्हणून विचारते. त्यांच्याबरोबर आणखी एक बाई खाली आल्यात. आत्याबाईंचं मनगट धरून. आम्ही म्हटलं, बसा, तर बसत नाहीत. आमच्याकडे बघत नाहीत. त्यांच्या अंगाला... वास आहे. आता यांना काय म्हणायचं?"

फोनमध्ये घड्याळ ऐकू येत होतं, आणि त्यामागे एका म्हातारीचा कण्हणारा, मला चांगला ओळखीचा आवाज:

"सोड गं. दुखतंय. सोड ना आता."

मग सूनबाईंचा श्वास थांबला. बाकीचं घरही गप्प झालं. आणि त्या शांततेत दुसऱ्याच कुणीतरी श्वास आत घेतला, लांब, खरखरीत, बोलायला सुरुवात करण्यापूर्वी माणूस घेतं तसा.

मोठ्या बाईंसाठी मी पुढे काहीच लिहिलं नव्हतं.